ताट कोण उचलते ते पाहा

१ नोव्हेंबर, शनिवार. मंडईचे पाहुणे काल संध्याकाळी गेले, आणि आज सकाळपासून त्यांच्या चादरी धुणं चाललं आहे. आमच्या बपेऱ्यात दिवाळीनंतर मंडई भरते, म्हणजे गावची जत्राच. दुकानं, दंडारीची नाचगाणी, नाटक, आणि घराघरात दोन दिवस पाहुणे. पाहुणे जातात, चादरी मागे राहतात. मी विहिरीच्या ओट्यावर धुते आहे, माझी मोठी नणंद सुमनआक्का पिळून तारेवर टाकते आहे.

उद्या सकाळी मिस्त्री येणार. नव्या घराची चुन्यानं आखणी करायची आहे. नकाशात बैठक आहे, भासऱ्यांची, म्हणजे थोरल्या दिरांची खोली आहे, आमची आहे, पुण्याला नोकरी करणाऱ्या माझ्या मुलाची आहे, देवघर आहे, धानाची खोली आहे. आक्काची नाही. नवऱ्यानं टाकल्यापासून ती या घरात राबते आणि धानाच्या खोलीत पोत्यांशेजारी झोपते. नव्या घरातही तसंच, असं कोणी म्हटलेलं नाही. कोणी काहीच म्हटलेलं नाही.

मधेच फोन वाजला. हात पुसून उचलला, तर तिकडून ना नमस्कार, ना ख्यालीखुशाली.

"नकाशा पाह्यला मी. धानाले खोली देल्ली. बरं केलं. दिवसभर काम करून थकते बिचारं धान."

फोन बंद. बोलणारा माणूस केरळातून बोलत होता, मल्याळी होता, आणि बोलत होता चिखल्याच्या खाणीतल्या मजुरासारखं. नकाशा मीच पाठवला होता, त्यांनी मागितला म्हणून. आता पाठवला तर ऐकून घ्यावंच लागणार.

त्यांना आमची सगळी खाण कॉलनी ऑपरेटर म्हणायची. माझे वडील चिखल्याच्या मँगनीज खाणीत जमिनीखाली कामाला होते. ज्या लोखंडी पिंजऱ्यातून माणसं खाली जात, तो वर इंजिनघरात बसून चालवण्याचं काम यांचं. खालून घंटेचे ठोके येत, त्यावर पिंजरा सोडायचा किंवा ओढायचा. एक ठोका म्हणजे थांब. तरुणपणी नोकरीला आले, लग्न केलं नाही, मला कळायला लागल्यापासून सुट्टीत कधी गावी गेले नाहीत. मराठी मजुरांकडून शिकले, त्यामुळे 'मले', 'तुले', 'काहून' हे आमच्यापेक्षा त्यांच्या तोंडी जास्त. फक्त इतकं भरभर बोलत की नवा माणूस ही कोणती भाषा म्हणून विचारी.

डोक्यावर बारा महिने छत्री. कॉलनीत कोणाशी भांडण नाही, पण कोणाच्या घरी आग्रहानं जेवणंही नाही. तुमसरच्या राइस मिलमधला उसना, म्हणजे उकडा तांदूळ ट्रक भरभरून केरळात जातो हे त्यांना कळलं, त्या दिवसापासून ते प्रत्येकाला सांगू लागले, "आमच्या हिरोच्या पोटात तुमसरचा भात आहे. त्या सिनेमात तुमचा बी हिस्सा आहे. पाहाच लागते."

पाहावंच लागे. मी लहान असताना रविवारी दुपारी दूरदर्शनवर वेगवेगळ्या भाषांतले सिनेमे लागत. मल्याळमची पाळी आली की ऑपरेटर सकाळपासून क्वार्टर झाडून घेत, सतरंजी अंथरत. मग सिनेमाच्या आधी ओळीतल्या प्रत्येक घरी जात आणि कोणाला न विचारता पेटता स्टोव्ह बंद करत. माझ्या आईनं एकदा झारा उगारला होता.

"अवो, पोरं उपाशी राहतीन ना माझी!"

"राहू दे. उपाशी पोरगा पिच्चर चांगला पाहाते. भरल्या पोटी झोपते."

पुरुष आले नाहीत तरी त्यांना चाले. बाया बसल्याशिवाय मात्र ते खुर्चीवर टेकत नसत. एकदा फोरमन येऊन पुढे बसला, तर त्याला म्हणाले, "साहेब, तुमचा नंबर मांगं. तुम्ही घरी गेल्यावर चाय भेटते, या बायायले करा लागते." फोरमन मागे जाऊन बसला. का, ते त्यालाही सांगता आलं नसतं.

टीव्हीवरचा सिनेमा थांबवता येत नसे, म्हणून ते नट बोलत असताना त्यांच्या वरून ओरडून अर्थ सांगत. पुढे व्हिडिओ आला. नागपूरच्या ओळखीच्या मल्याळी घरांतून कॅसेटी येऊ लागल्या आणि ऑपरेटरांच्या हाती खरी सत्ता आली. स्टीलच्या पेल्यावर चमचा. टण. सिनेमा थांबे.

"हिरो जेवला. बरोबर? हात धुतला. आता ताट कोन उचलते, थे पाहा."

पुन्हा सुरू. पडद्याच्या कडेनं एक बाई यायची, वाकायची, ताट घेऊन जायची. ती कोण, तिचं नाव काय, हे सिनेमा सांगत नसे. ऑपरेटर विचारत, "हिचं नाव काय असन?" आणि आम्ही पोरी नावं ठेवायचो. एवढीच त्यांची समीक्षा. नटाचं कौतुक त्यांच्या तोंडून मी कधी ऐकलं नाही. ज्या सिनेमात घरातली बाई शेवटपर्यंत एकदाही जेवताना दिसली नाही, तो त्यांच्या मते अर्धाच काढलेला सिनेमा.

पन्नास-साठ वर्षांत त्यांचा सिनेमा कसा बदलत गेला, ते आम्हाला असं चमच्याच्या ठोक्यांनी कळलं. जुन्या काळ्या-पांढऱ्या सिनेमात मोठाली घरं मोडत, जमिनी कुळांकडे जात, मालक पडवीत बसून घाबरत राही. जातीबाहेरचं प्रेम असे, समुद्रावरचे कोळी असत. तलावावर मासे धरणाऱ्या ढिवर बायाही एकदा पाहायला आल्या होत्या. त्यातली एक उठताना म्हणाली, "मासोळी दाखवली, वास नाई दाखवला." ऑपरेटरांना हे इतकं आवडलं की पुढे कुठलाही सिनेमा खोटा वाटला की ते नाक ओढून दाखवत.

त्याच वेळी त्यांनी सांगितलं होतं की त्यांच्याकडे सिनेमाच्या अगदी सुरुवातीच्या काळात, खालची ठरवलेल्या जातीची एक मुलगी पडद्यावर वरच्या जातीची बाई झाली, म्हणून लोकांनी तिला घर सोडून पळायला लावलं.

"मंग तिचं काय झालं?" माझ्या आईनं विचारलं.

"पुढं कोनी पाह्यलं नाई. पाहाले पाहिजे होतं. म्हनून आपन आता पाहून राहिलो."

मग आखाती देशांत गेलेल्या माणसांचे सिनेमे आले. पेट्या, अत्तरं, आणि घरी वाट पाहणारी माणसं. हे लागले की ऑपरेटर कॅसेट चालू करून बाहेर जात आणि नळाखाली पाय धुत बसत. आम्हाला वाटे, त्यांना कंटाळा येतो.

नंतरच्या काळात त्यांच्या पडद्यावर जमीनदार परत आले. पण आता घाबरलेले नाहीत. मिशीला पीळ देणारे, बायकांना दरडावणारे, आणि लोक टाळ्या वाजवणारे. ऑपरेटरांनी असे दोन-तीन पाहिले आणि एका सकाळी कामावर मिशी काढून आले. खाणीत गोंधळ उडाला. आमच्याकडे घरात कोणी गेलं तर मिशी काढतात. चार माणसं भेटायला क्वार्टरवर आली.

"कोन गेलं, ऑपरेटर?"

"आमचा सिनेमा गेला."

कॅसेटी बंद झाल्या, त्या कित्येक वर्षं बंदच. माझं लग्न झालं, मी बपेऱ्याला आले, मुलगा झाला, तरी त्यांचा ओठ कोराच. पुढे नव्या पोरांचे सिनेमे येऊ लागले. छोटी गावं, साधी घरं, नवऱ्याला प्रश्न विचारणाऱ्या बाया, जातीचं नाव घेऊन बोलणारी माणसं. मिशी परत उगवली, तेव्हा ती पांढरी होती. ते निवृत्त झाले होते, फोनवर सिनेमे पाहत होते, आणि रविवारी बस पकडून आमच्याकडे यायला लागले होते.

पहिल्याच रविवारी आक्कानं त्यांना वाढलं. जेवण झालं आणि ते स्वतःचं ताट घेऊन विहिरीकडे निघाले. भासरे आडवे आले.

"अजी, पाहुना ताट घासते म्हंजे आमची इज्जत काय राह्यली?"

"तुमची इज्जत ताटाले चिकटली आहे ना, थेच काढून राहिलो."

भासरे त्यानंतर रविवारी शेतावर जाऊ लागले. आक्का मात्र दारामागे उभी राहून फोनवरचा सिनेमा ऐकायची. पाहायला या म्हटलं तर म्हणायची, "मले भाषा समजत नाई." ऑपरेटर म्हणायचे, "भांड्याचा आवाज समजते ना? मंग झालं." तरी ती दारातून पुढे आली नाही.

मग त्यांच्याच सिनेमात काम करणाऱ्या बायांनी, तिथे काय सोसावं लागतं ते उघड बोलून दाखवलं. बातम्या आपल्याकडेही आल्या. मी मुद्दाम विचारलं, "आता पुन्हा मिशी काढता का?"

"मिशी काढून काय होते? तेव्हा मी अडाणी होतो." मग पुढे म्हणाले, "जिंदगीभर ताट कोन उचलते थे पाह्यलं. कॅमेऱ्यामांगं कोन उभं आहे, थे पाह्यलंच नाई. आता थ्या बाया दाखवून राहिल्या, त पाहा लागन." आणि पुढचा सिनेमा लावला. मला हे पटलं. रागावून घरी बसणारी माणसं मला आवडत नाहीत, मागे पडलेलं काम दुसऱ्याला करावं लागतं.

आता मागच्या वर्षीची मंडई. नाटक ठरलेलं होतं, मांडव घातलेला होता, आणि दुपारी कंपनीचा फोन आला की मुख्य नटाचा घसा बसला, येत नाही. माझे यजमान मंडई समितीत. त्यांचा चेहरा पाहण्यासारखा झाला. मांडव, खुर्च्या, जेवणं, सगळं वाया जाणार. मी म्हटलं, शाळेत प्रोजेक्टर आहे, घरात ऑपरेटर आले आहेत, धोतराचा पडदा करा. यात कसला विचार नव्हता. तयार मांडव रिकामा ठेवायचा नाही, एवढंच.

ऑपरेटरांनी माईक हातात घेतला आणि पहिलं वाक्य बोलले, "बाया कुठं आहेत?" बाया घरी पाहुण्यांसाठी रांधत होत्या. मंडईत असंच असतं. नाटक पाहुणे पाहतात. "बाया आल्याबिगर चालू होत नाई," म्हणाले आणि माईक बंद करून खाली बसले. लोकांनी शिट्ट्या मारल्या, कोणी शिव्या दिल्या. शेवटी पाहुण्यांनीच पोरांना घरोघर पिटाळलं. अर्धा स्वयंपाक टाकून बाया आल्या. आक्काही आली. या घरात मी नांदायला आल्यापासून ती मंडईत बसलेली मी प्रथमच पाहिली.

सिनेमा साधा होता. एक नर्स तरुणपणी परदेशी जाते. तिथून घर चालवते, भावांची लग्नं करते, मोठं घर बांधते. वय झाल्यावर परत येते, तर त्या घरात तिच्यासाठी खोली नाही. स्वयंपाकघरामागच्या अडगळीत खाट टाकून देतात, आणि सगळे तिच्याशी फार गोड वागतात. ऑपरेटर सगळ्यांचे संवाद एकट्यानं म्हणत होते. भावजयीचा आवाज काढला तेव्हा लोक लोटपोट झाले, कारण तो बोलण्याचा ढंग हुबेहूब आमच्या गावचा होता. "अवो ताई, तुमाले कायले पाहिजे खिडकी? तुमी त दिवसभर आंगनातच असता!"

मी हसले नाही. माझ्या मागच्या रांगेत कोणीतरी हळूच म्हणालं, "सुमनची गोष्ट लावली राजा यानं." मग आवाज पसरला. आधी एक मान वळली, मग रांगच्या रांग. आक्का पदर ओढून पडद्याकडे बघत राहिली. माझे यजमान खुर्च्या मोजायला उठले.

शेवटी ती बाई एका सकाळी बाहेर येते, मोठ्या भावाच्या खुर्चीत बसते आणि मोठ्यानं चहा मागते. आतून कोणी चहा आणतं की नाही, ते दाखवलेलं नाही. सिनेमा संपला.

मांडव खवळला. आमची माणसं झाडीपट्टीच्या नाटकावर वाढलेली. तिथे पापी माणूस शेवटी रडलाच पाहिजे.

"मंग भावाले झापड कधी मारते?"

"नाई मारत," ऑपरेटर माईकवर म्हणाले. "चाय मांगते."

"हा काय शेवट झाला का बे! अशी बाई असते का कुठं?"

ऑपरेटरांनी प्रोजेक्टर बंद केला. मग म्हणाले, "नसते. माझी बहीन नर्स होती. आमी तीन भाऊ. घर तिनंच बांधलं. परत आली तेव्हा मी सुट्टीवर घरी होतो. तिची खाट मांगच्या खोलीत मीच नेऊन टाकली, भावानं सांगतलं म्हनून. तिनं चाय मांगतली नाई. मी इकडं निंघून आलो, पुन्हा गेलो नाई. म्हनून सिनेमा पाहातो."

माईक ठेवला, छत्री उघडली आणि मांडवातून निघून गेले.

मंडई संपली तरी गावाचं बोलणं संपलं नाही. तलावावर बाया आक्काला विचारू लागल्या, "चाय मांगतली का, सुमन?" भासऱ्यांनी मला सुनावलं की घराची अब्रू पडद्यावर टांगली. पण सगळ्यात जास्त संतापली आक्काच. माझ्यासमोर पितळी पातेलं आपटून म्हणाली, "तुमच्या पिच्चरवाल्यानं माझा तमाशा केला. मले कोनाची कीव नाई पाहिजे. थ्यानं आपल्या बहिनीले जाऊन सांगावं, गावाले काहून सांगते?"

तिचं म्हणणं बरोबर होतं. मी जसंच्या तसं ऑपरेटरांना फोनवर सांगितलं. ते ऐकून घेऊन "व्हय," एवढंच म्हणाले. पुढच्या महिन्यात त्यांनी चिखल्याची खोली सोडली आणि तुमसर रोड स्टेशनवरून केरळची गाडी धरली. बहीण जिवंत आहे. तिनं त्यांना दारातून परत पाठवलं नाही, आणि गळ्यातही पडली नाही. आता ती वरच्या मजल्यावर राहते आणि हे मागच्या खोलीत. ती मागची खोली त्यांनी स्वतः मागून घेतली. दुपारी दोघं सिनेमा पाहतात. ती म्हणे त्यांना मधे बोलू देत नाही.

तर आज चादरी वाळल्या, घड्या झाल्या. संध्याकाळी मी यजमानांपुढे नकाशा ठेवला.

"आक्का कुठं झोपणार?"

"अवो, आतापावतर झोपतच होती ना."

"मी ते विचारलं नाही."

"खोली वाढवाची म्हंजे पाया वाढते. आन भाऊ काय म्हनन? लोक काय म्हनतीन?"

"लोकांनी मागच्या वर्षीच म्हणून घेतलं. आता उरलेलं आपण करायचं."

पाया वाढवायची गरज नव्हती. मुलगा वर्षातून दिवाळीला येतो आणि आला की बैठकीत मित्रांबरोबर लोळतो. त्याची खोली वर्षभर कुलपात राहणार होती. मी त्याला फोन केला, त्यानं एका वाक्यात हो म्हटलं आणि क्रिकेटचं काहीतरी सांगू लागला. उरली आक्का. ती चुलीपाशी होती. मी तिला सांगितलं, तर म्हणाली, "कीव करून राहिली का?"

"नाही. उद्या मिस्त्री येईल तेव्हा तुम्ही तिथे पाहिजे. मला तुमच्या खोलीचं काही माहीत नाही, मी सांगणार नाही. तुम्ही नाही आलात तर ती जागा तशीच सोडून आखायला सांगेन."

तिनं भाकरी उलटली.

२ नोव्हेंबर, रविवार. सकाळी मिस्त्री दोरी, खुंट्या आणि चुन्याची टोपली घेऊन आला. भासरे आणि यजमान आधीच जागेवर उभे होते. बैठक आखली, दोघांच्या खोल्या आखल्या. मग मिस्त्री नकाशा बघत म्हणाला, "आता पोराची खोली."

"पोराची नाही," मी म्हटलं. "थांबा जरा."

भासऱ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी विहिरीकडे पाहत राहिले. बराच वेळ गेला, मिस्त्रीनं बिडी पेटवली. यजमानांनी एक सैल खुंटी ठोकून बसवली. मग आक्का हात पुसत आली. सगळ्यांना ओलांडून त्या कोऱ्या जमिनीवर मधोमध उभी राहिली.

"कोनाची खोली हे?" मिस्त्रीनं विचारलं.

"माझी," आक्का म्हणाली. "खिडकी रस्त्याकडं पाहिजे. आन दरवाज्याले कडी आतून लावजो. धानाच्या खोलीची बाहेरून लागते."

भासऱ्यांनी मान खाली घातली. मिस्त्रीनं बिडी टाकली आणि दोरीचं टोक धरायला माणूस शोधू लागला. मी पुढे होऊन ते धरलं आणि आक्का जिथे उभी होती तिथून मागे, ती पुरे म्हणेपर्यंत, चालत गेले.